पिठोरा: भिंत, ढोल आणि आमचा कॅमेरा

बडोद्याहून डभोई, बोडेली करत निघालं की छोटा उदेपूर येतं. २०१३ पर्यंत हा पट्टा बडोदा जिल्ह्यातच होता, म्हणजे तसे आपले शेजारीच, पण आपल्या बडोद्याच्या दांडिया बाजारात कुणाला या पट्ट्यातल्या राठवा आदिवासींबद्दल विचारून बघा, कवांटच्या मेळ्याचे फोटो पाहिलेत एवढंच सांगतील. त्यांचं तरी काय चुकलं, कॅमेरेवाले होळीनंतर जातात, मोरपिसं, ढोल, नाच शूट करतात नि संध्याकाळी परत. अपवाद आहेत, भाषा-अभ्यासक गणेश देवी एम. एस. युनिव्हर्सिटीतली प्रोफेसरी सोडून इकडे वळले, तेजगढची आदिवासी अकादमी त्यातूनच उभी राहिली.

आम्ही आमच्या फिल्ममध्ये मेळा घेतलाच नाही. या घरात थांबलोय, कारण इथे आज पिठोरा, म्हणजे राठवांच्या पिठोरा देवाचं भिंतीवरचं चित्र, लिहिला जातोय.

ही ओसरीची भिंत. घरात दुखणं सरत नाही, गुरं मरतात, तेव्हा बडव्याला, म्हणजे अंगात देव येणाऱ्या भगताला, विचारायचं, तो पिठोराची मानता, म्हणजे नवस, घ्यायला सांगतो. मानता फेडायला मात्र दम लागतो, बोकड, दारू, गावजेवण, पैसे जमेपर्यंत वर्षं जातात. घरातल्या कुमारिकांनी भिंत शेणामातीने लिंपली, वर पांढरी माती दिली, आता लखारे, म्हणजे पिठोरा काढणारे, बसलेत. रंगाची पूड बाजारातली, पण ती कालवायची दुधात आणि मोहाच्या दारूत. काडीचं टोक चेचलं की ब्रश तयार. बघा, घोड्याची पाठ एका दमात ओढली, हात कुठे अडला नाही. घोडे म्हणजे देव, पिठोराच्या लग्नाची वरात. खाली शेत नांगरणारा, ताडावर चढलेला माणूस, वाघ, आणि हो, काही भिंतींवर विमान, बंदूक पण असते. जुनं ते सोनं वगैरे आपल्याला वाटतं, यांना नाही.

ढोल सतत ऐकू येईल, एडिटमध्ये कमी केलेला नाही. मुलाखत नीट ऐकू येत नाही म्हणाल, नका ऐकू, आज इथे मुलाखतीसाठी कोणी जमलेलं नाहीये. व्हायोलिन लावून 'बिचारे आदिवासी' वाली फिल्म करायची नव्हती. याच कलेसाठी परेश राठवांना २०२३ साली पद्मश्री मिळाली, तेव्हा बिचारे कसले.

आता रात्र चढलीय. बडव्याच्या अंगात आलंय, तो भिंतीसमोर उभा राहून एकेक आकृती ओळखतोय. काही राहिलं असेल तर तो सांगणार आणि लखारा लगेच काडी उचलून ते भरणार. चित्र छान झालंय की नाही हे इथे कोणीच विचारत नाही, सगळे देव आले का एवढंच बघतात.

आमचा रफ कट पण आधी याच ओसरीत दाखवायचा ठरवलाय, बडव्यासमोर. प्रोजेक्टर बडोद्याहून न्यावा लागेल, आणि लाइटचा भरवसा नाही म्हणून जनरेटर पण.