उडालेला पंखा

नमस्कार श्रोतेहो.

1897 सालच्या फेब्रुवारीत जपानमधल्या ओसाकाच्या नान्ची एनबुजो नाट्यगृहात फ्रान्सच्या ल्युमिएर बंधूंची हलती चित्रं तिकीट लावून दाखवली गेली. हे नाट्यगृह मुळात बांधलं होतं गेईशांच्या नृत्यासाठी. म्हणजे जपानमध्ये ही चित्रं गेईशांच्याच अंगणात उतरली! गेई म्हणजे कला. नृत्य, शामिसेन या तंतुवाद्याचं वादन, गाणं यांची वर्षानुवर्षं तालीम केलेली ही कलावंत मंडळी. त्यांची छायाचित्रं तर आधीपासूनच खपत होती.

मग 1899च्या जूनमध्ये टोकियोच्या काबुकी-झा नाट्यगृहात जपानी माणसांनी टिपलेली गेईशांची नृत्यं पडद्यावर आली. शेजारी उभं राहून कोमादा कोयो बोलत होता, आम्हा निवेदकांचा तो पूर्वज. अलीकडे अशा मूकपटांना कुठलंही संगीत चिकटवतात, ते मला मुळीच पटत नाही. नाचणारीचं पाऊल एका तालात आणि वाद्यं भलत्याच!

असो. मला सांगायचंय ते त्याच वर्षीच्या नोव्हेंबरचं. 1899चा नोव्हेंबर. काबुकी या जपानी पारंपरिक नाट्याचा सम्राट नववा इचिकावा दांजुरो. त्याला हलत्या चित्रांचं हे यंत्र अजिबात आवडत नसे. कशीबशी समजूत घातल्यावर आपलं नृत्य टिपू द्यायला तो राजी झाला, पण अट घातली: मी हयात असेपर्यंत हे दाखवायचं नाही.

उजेड हवा, म्हणून चित्रण नाट्यगृहामागच्या मोकळ्या जागेत. त्या सकाळी वारा असा, की मागचा पडदा माणसांना धरून ठेवावा लागला. कॅमेऱ्यामागे शिबाता त्सुनेकिची. दांजुरो राजकन्येच्या वेषात. आपल्या बालगंधर्वांसारखंच, पुरुषानं स्त्री उभी करायची. दोन पंखे घेऊन नृत्य रंगात आलं, आणि वाऱ्यानं एक पंखा हातातून उडवला. दोरीवरचं धुणं उडावं तसा गेला. पुन्हा चित्रण करणं शक्य नव्हतं. उडालेला पंखा तसाच राहिला.

1903 साली आजारपणामुळे दांजुरोला ओसाकाला जाता येईना, तेव्हा त्याच्या हयातीतच हा चित्रपट, ‘मोमिजिगारी’, तिथे दाखवला गेला. सप्टेंबरात तो वारला. 2009 साली जपाननं या चित्रपटाला महत्त्वाची सांस्कृतिक संपत्ती ठरवलं, असा मान मिळालेला हा तिथला पहिला चित्रपट. पंखा उडतो ती जागा त्यात अजून आहे. कधी पाहिलात, तर त्याचा रिकामा झालेला हात जरूर बघा.

नमस्कार.