गच्चीवरून सोडलेली पट्टी

(पहाटे, बदलापूर स्टेशन. गाडी फलाटाला लागेपर्यंत निवेदन नाही, आवाज गर्दीचाच ठेवावा.)

पहाटेचे साडेपाच. इथे उभं राहायची जागासुद्धा ठरलेली असते. रोजचा डबा, रोजचं दार, रोजची माणसं. इथून सीएसएमटी ६८ किलोमीटर. एवढ्या लांब येऊन राहण्याचं कारण या फलाटावर कुणालाही विचारा, उत्तर एकच मिळतं: इथे हप्ता परवडतो.

घर परवडतं असं कुणी म्हणत नाही. हप्ता परवडतो.

(स्टेशनबाहेरचे होर्डिंग, एकामागून एक. कॅमेरा शेवटच्या होर्डिंगवरच्या छोट्या चांदणीवर थांबतो.)

वन बीएचके, साडेसदतीस लाख. आकड्याच्या डोक्यावर ही चांदणी. तिचा खुलासा होर्डिंगच्या तळाशी आहे, पण तिथे नेमकी वडाच्या झाडाची फांदी आली आहे. आम्ही मुद्दाम निवडलेली नाही, ती होतीच.

या जागेवर तीस लाखांचं कर्ज मिळतं. उरलेले साडेसात लाख आपले. त्यावर मुद्रांक शुल्क, तीस हजार नोंदणी फी, वकील, बँकेची प्रोसेसिंग फी. बांधकाम चालू असताना घेतलं तर जीएसटी. मुद्रांक आणि नोंदणीचे पैसे बँक घराच्या किमतीत धरत नाही. ते पीएफमधून येतात, नाहीतर गळ्यातून.

(दुय्यम निबंधक कार्यालय. अंगठा, वेबकॅम, शिक्का.)

हा दस्त नोंदवण्याचा क्षण. नवरा-बायको दोघांचे अंगठे, दोघांचे फोटो, मागे निळा पडदा. बाहेर आल्यावर पेढे. कर्जाच्या करारावर सह्या आदल्या आठवड्यातच झाल्या होत्या. किती सह्या केल्या? नवरा म्हणाला, मोजल्या नाहीत. वहिनी म्हणाल्या, बेचाळीस.

(लालबागच्या चाळीचे जिने, गॅलरीतले दोरीवरचे कपडे, सार्वजनिक नळ.)

मुंबईतल्या मराठी माणसाला घर विकत घेण्याची सवय तशी अलीकडची. त्याचा आजा चाळीतल्या खोलीत भाड्याने राहिला आणि भाडेपावती जपून ठेवून गेला. १९४७ च्या भाडे नियंत्रण कायद्याने जुनी भाडी गोठवली. भाडेकरू सुखावला, पण भाड्याने देण्यासाठी नवी इमारत बांधायची कुणाला इच्छा उरली नाही. मग आला ‘ओनरशिपचा ब्लॉक’. हा शब्द अजूनही दादर-गिरगावातल्या म्हाताऱ्यांच्या तोंडी आहे. १९६० चा सहकारी संस्था कायदा आणि १९६३ चा मालकी सदनिकांचा कायदा, या दोघांच्या आधाराने सोसायट्या उभ्या राहिल्या.

पण पैसे? पगारदाराला घरासाठी कर्ज देणारं तेव्हा फारसं कुणी नव्हतं. हयातभर साठवायचं आणि फंड, ग्रॅच्युइटी हातात आली की निवृत्तीनंतर घर घ्यायचं, ही रीत. १९७७ मध्ये हसमुख पारेख यांनी मुंबईत एचडीएफसी सुरू केली आणि क्रम उलटला. आधी घर, मग साठवणूक. निवृत्त झालेल्या माणसाच्या घरात सत्ताविशीतली माणसं राहायला आली. ही गोष्ट लहान नाही. या फिल्ममध्ये आम्ही बँकांना चार शब्द सुनावणार आहोत, म्हणून हे आधीच सांगून टाकतो.

(फ्लेक्सचं दुकान. यंत्रातून हळूहळू बाहेर येणारी लांब पट्टी, लाल आणि हिरवी.)

आता ही पट्टी.

बदलापुरातल्या एका फ्लेक्सवाल्याकडे आम्ही गेलो, एक तक्ता छापून द्या म्हणालो. त्याला वाटलं वाढदिवसाचा बॅनर आहे, फोटो कुठेय विचारत होता. हा तक्ता तीस लाखांच्या कर्जाचा. व्याज साडेआठ टक्के, मुदत वीस वर्षं, दर मध्ये हललाच नाही असं धरून. हप्ता २६,०३५ रुपये. वीस वर्षांचे हप्ते २४०. एका हप्त्याला तीन इंच जागा दिली. लाल म्हणजे व्याज, हिरवं म्हणजे मुद्दल. लांबी झाली बरोबर साठ फूट.

(गच्ची. चार मुलं पट्टी कठड्यावरून खाली सोडतात. पट्टी वाऱ्यावर उलगडत खाली येते. इथे निवेदन नको, निदान आठ सेकंद.)

सहा मजल्यांची इमारत. तळमजला धरून सहा. पट्टीचं टोक जमिनीला टेकलं.

वरून सुरुवात करू. पहिली ओळ, पहिला हप्ता. २६,०३५ मधले २१,२५० व्याजाचे. मुद्दलातून फिटले ४,७८५. त्या ओळीत हिरवा रंग शोधावा लागतो, कडेला चिकटलेली चिंचोळी रेघ आहे.

व्याज उरलेल्या मुद्दलावर लागतं. सुरुवातीला मुद्दल अख्खं, म्हणून व्याज मोठं. हप्ता मात्र तेवढाच. मग त्यातून व्याज वजा जाता जे उरेल तेवढ्यानेच मुद्दल घटतं. यात लबाडी कुठेही नाही, पाचवी-सहावीचं गणित आहे. फक्त ते कुणी साठ फूट लांब करून दाखवत नाही.

(कॅमेरा पट्टीसोबत खाली उतरतो. बाल्कन्या, कुंड्या, वाळत घातलेल्या सतरंज्या.)

साठावी ओळ, पाच वर्षं. भरले १५ लाख ६२ हजार. कर्ज उतरलं ३ लाख ५६ हजारांनी.

एकशेविसावी ओळ, दहा वर्षं. अर्धी पट्टी संपली, आपण इमारतीच्या बरोबर मध्यावर आहोत. आतापर्यंत ३१ लाख २४ हजार भरून झाले. म्हणजे घेतले होते त्याहून जास्त परत गेले. बाकी किती? एकवीस लाख.

(दुसऱ्या मजल्यावरच्या आजी बाल्कनीतून हात लावून पट्टी पाहतात.)

हा दुसरा मजला आणि ही एकशेत्रेचाळिसावी ओळ. इथे पहिल्यांदा हिरवं लालपेक्षा रुंद झालं. बारा वर्षांना एक महिना कमी. लग्नानंतर घर घेतलं असेल तर पोरगं एव्हाना सहावीत गेलं. आजींनी विचारलं, हे कसलं तोरण? सांगितलं तेव्हा म्हणाल्या, ‘बरं झालं, आमचं यांनी एकरकमी दिलं.’

जमिनीवर पोहोचेपर्यंत ६२ लाख ४८ हजार झाले. तीस लाखांवरचं व्याज साडेबत्तीस लाख.

(दुसरी पट्टी. गच्चीवरून खाली, मग पार्किंगमधून गेटकडे पसरत जाते. वॉचमन खुर्ची उचलून बाजूला होतो.)

दुसरी पट्टी त्याच कर्जाची, फक्त मुदत तीस वर्षं. हप्ता २३,०६७. महिन्याला जवळपास तीन हजारांची सोय. काउंटरवर हे वाक्य फार गोड वाटतं: ‘मॅडम, टेन्युअर वाढवून देऊ का, हप्ता हलका होईल.’

ही पट्टी नव्वद फूट. साठ फूट इमारतीवर, उरलेले तीस जमिनीवर. पहिल्या ओळीत मुद्दलाचे १,८१७ रुपये. आणि हिरवं लालच्या पुढे जातं ती ओळ या इमारतीवर नाहीच. ती पार्किंगमध्ये आहे, या स्कूटरच्या चाकाखाली. दोनशेत्रेसष्टावा हप्ता. तीस लाखांवर व्याज ५३ लाख.

तीन हजारांच्या सोयीची किंमत साडेवीस लाख. सोसायटीचे सेक्रेटरी पट्टी ओलांडून गाडी काढत होते. ते थांबले, खाली वाकून वाचलं, आणि मग गाडी न काढताच वर गेले.

(रिझर्व्ह बँकेची फोर्टमधली इमारत, बाहेरून.)

हे सगळं दर न हलता. तो हलतो.

बदलत्या दराच्या कर्जाचा खुंटा कुठे ठोकायचा, हे बँकिंगमध्ये बराच काळ चाललेलं प्रकरण आहे. आधी बँका आपापला पीएलआर, म्हणजे कर्जाचा मूळ दर, ठरवत. जुलै २०१० मध्ये बेस रेट आला, एप्रिल २०१६ मध्ये एमसीएलआर, तेही बँकांनी आपल्या आतच काढलेले मूळ दर. तक्रार एकच होती: रिझर्व्ह बँकेने दर वाढवला की हप्ता लगेच चढतो, कमी केला की मात्र उतरायला महिने लागतात. म्हणून १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी गृहकर्जं बाहेरच्या दराला बांधली गेली, बहुतेक ठिकाणी रेपोला, म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना उसने पैसे देते त्या दराला.

मे २०२० मध्ये रेपो होता ४ टक्के. त्या स्वस्ताईत खूप घरं विकली गेली. ४ मे २०२२ ला तो वाढायला लागला आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये साडेसहावर थांबला. नऊ महिन्यांत अडीच टक्के.

(चौथा मजला. स्वयंपाकघर, कुकरची शिट्टी, टेबलावर पसरलेली कर्जाची फाइल.)

या वहिनींनी एप्रिल २०२२ मध्ये कर्ज घेतलं, महिना चुकीचा. तीस लाख, सात टक्के, वीस वर्षं, हप्ता २३,२५९. दर साडेनऊवर गेला तेव्हा तीस लाखांचं नुसतं व्याज महिन्याला २३,७५० होतं. हप्त्याने व्याजसुद्धा भागत नव्हतं.

त्यांच्या बँकेने काय केलं? हप्ता थोडा वाढवला, सव्वापंचवीस हजार केला. बाकीचा भार मुदतीवर ढकलला. हप्ता वाढल्याचा एसएमएस आला. मुदतीबद्दल काही आलं असेल तर वहिनींना सापडलेलं नाही. बँकेत आत कॅमेऱ्याला परवानगी नव्हती, म्हणून पडद्यावर शटर दिसतं आहे. बँकेचं नाव आम्ही झाकलं आहे, कारण हे एकाच बँकेचं काम नव्हे.

(स्टेटमेंटवर बोट. क्लोजअप.)

नोव्हेंबर २०२३. मुलीच्या शाळेच्या कुठल्याशा अर्जासाठी स्टेटमेंट काढलं. दीड वर्षात साडेचार लाखांच्या आसपास भरले होते. मुद्दल उतरलं होतं पन्नास हजारांहून कमी. आणि या कोपऱ्यात, उरलेले हप्ते: ३३८.

सुरुवात २४० पासून झाली होती.

(वहिनींचा चेहरा. निवेदन नाही.)

नवरा अंबरनाथच्या एमआयडीसीत टूलरूमला आहे. अठ्ठावन्नाव्या वर्षी निवृत्ती. शेवटचा हप्ता त्याच्या त्रेसष्टाव्या वर्षी.

हप्ता व्याजाला पुरत नाही अशी स्थिती येऊ देऊ नका, आणि दर बदलला की हप्ता वाढवायचा की मुदत हे कर्जदाराला विचारा, असं रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकात बँकांना बजावलं. बँकांना मुदत होती ३१ डिसेंबर २०२३ पर्यंत. विचारलं जातं ते कसं, तर ॲपमध्ये, चार पडदे ओलांडल्यावर.

तीन महिने हप्ता थकला की खातं बुडीत धरतात, मग २००२ च्या सरफेसी कायद्याखाली साठ दिवसांची नोटीस, मग ताबा आणि लिलाव. या तालुक्यातल्या दारांवर चिकटवलेल्या तशा नोटिसा आम्ही पाहिल्या, पण त्या दारांपुढे कॅमेरा लावणं बरं वाटलं नाही.

(पुन्हा गच्ची, संध्याकाळ. मुलाच्या हातात शिंप्याची मोठी कात्री.)

पहिल्या पट्टीकडे येऊ, वीस वर्षांच्या.

दरवर्षी एक हप्ता जादा भरला तर? बोनस म्हणा, भिशी म्हणा. बाराऐवजी तेरा. बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतीआधी पैसे भरायला बँक दंड लावू शकत नाही, २०१२ पासून. फक्त पैसे भरताना एक गोष्ट लिहून द्यायची: हप्ता तोच राहू द्या, मुदत कमी करा. न लिहिता सोडलं तर जे होईल ते होईल.

तेरा हप्त्यांनी ही पट्टी २०१ व्या ओळीला संपते.

(कात्री. पट्टीचा खालचा तुकडा जमिनीवर पडतो.)

खालचे जवळपास दहा फूट गेले. अख्खा तळमजला. सहा लाखांहून जास्त व्याज वाचलं आणि कर्ज फिटलं तीन वर्षांहून अधिक आधी. जादा पैसे जितके सुरुवातीला, तितकी कात्री लांब चालते. पंधराव्या वर्षी बोनस टाकून फारसं हाती लागत नाही, तिथे खाली लाल फारसं उरलेलं नसतं.

कर वाचतो म्हणून कर्ज फेडू नका, असा सल्लाही या इमारतीत प्रत्येक मजल्यावर मिळाला. नव्या करप्रणालीत राहत्या घराच्या व्याजावर वजावट नाही. जुनीत आहे, वर्षाला दोन लाखांपर्यंत. दोन लाख वाचतात असं तीन जणांनी सांगितलं. वाचतो तो त्यावरचा कर, दोन लाख नव्हेत.

आणि कर्ज फिटलं की घराची मूळ कागदपत्रं तीस दिवसांत परत मिळायला हवीत. बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला पाच हजार रुपये भरपाई, १ डिसेंबर २०२३ पासूनचा नियम आहे. हे सांगितल्यावर खालच्या मजल्यावरचे काका घाईने घरात गेले. त्यांचं कर्ज फिटून दोन महिने झाले होते.

(चौथा मजला. स्वयंपाकघराची भिंत, भिंतीवरचं कॅलेंडर.)

जानेवारी २०२४ मध्ये वहिनींनी बँकेत अर्ज दिला. हाताने लिहिलेला, पोचपावती घेऊन. हप्ता २८,००० करा, मुदत खाली आणा. गाडीचा विचार राहिला. २०२५ मध्ये रेपो उतरायला लागला, फेब्रुवारीत सव्वासहा, डिसेंबरात सव्वापाच. त्यांचा दर सव्वाआठवर आला. बँकेने विचारलं, हप्ता कमी करायचा का? त्या नको म्हणाल्या.

हे त्यांचं कॅलेंडर. दुधाचे खाडे पेन्सिलने. गॅस कधी लावला ते निळ्या पेनने. आणि दर महिन्याच्या पहिल्या तारखेच्या चौकोनात, लाल पेनने, एकच आकडा.

(क्लोजअप. जानेवारी २०२६. आकडा वाचता येईपर्यंत थांबावं.)

१७३.