मादी लेमूर, चिंच आणि सुलतानाचं स्वप्न

मादागास्कर बेटाच्या दक्षिण भागात मांड्रारे नावाची नदी आहे, तिच्या काठावर बेरेंटी नावाचं छोटं राखीव जंगल आहे आणि त्या जंगलात चिंचेची मोठमोठी झाडं आहेत. 1963 मध्ये अ‍ॅलिसन जॉली ही तरुण अमेरिकन संशोधक तिथं जाऊन लेमूर बघत बसली. शेपटीवर काळेपांढरे पट्टे असतात ना, ते लेमूर, माकडांचे लांबचे नातेवाईक. तर तिला काय दिसलं, मादी येते, नराच्या नाकावर एक चापट मारते, त्याच्या हातातली चिंच काढून घेते आणि निवांत खात बसते, आणि नर मुकाट्यानं सरकतो. एखादीच मादी तापट असेल म्हणावं तर तसंही नाही, टोळीतली कुठलीही मोठी मादी कुठल्याही नराला असं बाजूला करते.

1966 मध्ये जॉलीबाईंचं लेमूर बिहेवियर हे पुस्तक आलं, त्यात हे सगळं स्पष्ट लिहिलंय. पण त्या काळात माकडांचा अभ्यास म्हटलं की बबून ही आफ्रिकेतली मोठी माकडं, दांडगा नर टोळीचा प्रमुख, आणि त्यावरून थेट माणसाचा स्वभाव काय तेही सांगून मोकळे व्हायचे लोक. लेमूर मग अपवाद ठरले. मला इथंच थांबावंसं वाटतं, कारण डोळ्यांना दिसलेली गोष्टसुद्धा मनात तिच्यासाठी जागा नसेल तर कोपऱ्यात पडून राहते, आणि ती जागा तयार करायचं काम स्त्रीवादी सायन्स फिक्शननं केलंय असं मी अगदी मनापासून मानते.

बंगाली लेखिका बेगम रोकेया यांची सुलतानाज ड्रीम ही गोष्ट 1905 ची आहे, लक्षात घ्या, 1905. त्यात बायका राज्य चालवतात, सूर्याची उष्णता साठवतात, ढगातून पाणी काढतात, हवेतून गाडीनं फिरतात आणि पुरुष मर्दान्यात, म्हणजे पुरुषांसाठीच्या जनान्यात, बंद. पडद्यात वाढलेल्या बाईनं पडदा उलटा करून दाखवला, बास, एवढी एक गोष्ट उलटी केली आणि नेहमीचं सगळं विचित्र दिसायला लागलं. पुढे 1969 मध्ये अमेरिकन लेखिका अर्सुला ले ग्विन यांनी आपल्या कादंबरीत असा एक ग्रह लिहिला जिथं कुणी कायमचा पुरुष नाही की कायमची बाई नाही. म्हणजे जॉलीबाईंच्या लेमूरवरच्या पुस्तकानंतर तीनच वर्षांनी.

माकडांचा अभ्यास आणि सायन्स फिक्शन हे दोन धागे एकत्र आणले स्त्रीवादी अभ्यासक डॉना हॅरावे यांनी, 1989 च्या प्रायमेट व्हिजन्समध्ये. पुस्तक जड आहे, मला दोनदा वाचावं लागलं, पण माकडांच्या अभ्यासावरचं ते पुस्तक शेवटी ऑक्टेव्हिया बटलर यांच्या डॉन या सायन्स फिक्शन कादंबरीपाशी येतं, जिथं परग्रहावरच्या जीवांमध्ये नर, मादी आणि उलॉय अशी तीन लिंगं आहेत. विज्ञानसुद्धा गोष्टी सांगतं, त्या कोण सांगतंय ते बघा, असं हॅरावे यांचं म्हणणं.

आता एक सांगते, लेमूरची मादी वरचढ आहे म्हणून बायकांनी राज्य करावं असं मी म्हणत नाहीये, कारण तोच युक्तिवाद बबूनवाल्यांनी केला होता आणि तो तेव्हाही चुकीचाच होता. मादी वरचढ का, यावरही अजून वाद आहेत, कोणी म्हणतं कोरड्या ऋतूत खायला कमी आणि पिलाचा भार तिच्यावर, कोणी हार्मोन्सकडे बोट दाखवतं.

आणि बेट म्हणजे काही नुसते लेमूर नाहीत. बेरेंटीच्या भोवती सायझल या दोरखंडाच्या धाग्यासाठी लावलेल्या झाडाचे मळे आहेत, फ्रेंच जमीनदार आहेत, तिथली स्थानिक तांद्रॉय माणसं आहेत जी तिथं राबतात, आणि जॉलीबाईंच्या 2004 च्या लॉर्ड्स अँड लेमूर्समध्ये हे सगळे आहेत, म्हणून ते पुस्तक मला त्यांच्या पहिल्या पुस्तकापेक्षाही जवळचं वाटतं. शिवाय त्यांनी मादागास्करच्या मुलांसाठी मालागासी आणि इंग्रजीत गोष्टींची पुस्तकं केली, पहिलं 2005 मध्ये, आको नावाच्या आय-आयचं, आय-आय हाही एक लेमूरच. त्या 2014 मध्ये गेल्या. जॉलीज माऊस लेमूर असं एका चिमुकल्या जातीचं नाव आहे, ते त्यांच्यावरूनच.

वाचायचं असेल तर आधी सुलतानाज ड्रीम घ्या, एका बैठकीत होतं, मग लॉर्ड्स अँड लेमूर्स, आणि हॅरावे सगळ्यात शेवटी.