घरी जे सांगत नाहीत ते शाळेने सांगावं

नमस्कार मंडळी. मी इथेच इंदूरला ३१ वर्षं सहावी ते दहावीला इतिहास शिकवला, त्यामुळे आज जे बोलणार ते वर्गातलं बोलणार.

आधी हिशोब सांगते, कारण शाळेच्या इतिहासात हे पाहिजे ते पाहिजे असं तावातावाने बोलणारे हिशोब कधी करत नाहीत. आमच्याकडे आठवीला सामाजिक विज्ञानाचे आठवड्याला सहा पीरियड असायचे, त्यात भूगोल, नागरिकशास्त्र आणि इतिहास, म्हणजे इतिहासाला दोन. परीक्षा, सुट्ट्या, गॅदरिंग, इलेक्शन ड्युटी हे सगळं वजा केलं की वर्षाला हातात राहतात पन्नास पीरियड, तेही चाळीस चाळीस मिनिटांचे, आणि त्यातली पहिली पाच मिनिटं हजेरीत जातात.

एकदा पालकसभेत मी फळ्यावर पन्नास चौकोन काढले आणि म्हटलं, या, भरा. एक आजोबा आले, बाजीराव पाहिजेत म्हणाले. एका वडिलांना चोल पाहिजे होते, एकांना टंट्या भिल्ल, आणि ते बरोबरच होतं, टंट्याचं पातालपाणी आपल्यापासून किती लांब आहे? कोणी म्हणालं क्रांतिकारक वाढवा, कोणी फुले, कोणी विजयनगर. अर्ध्या तासात चौकोन संपले आणि लोक समासात लिहायला लागले. मग मी डस्टर पुढे केलं आणि विचारलं, आता पुसायला कोण येतंय? कोणी उठलं नाही. प्रत्येकाच्या मनात होतं की दुसऱ्याचं पुसावं, पण तोंडाने कोण बोलणार.

वर दिल्लीतही हेच चालतं. शाळेची पुस्तकं काढणारी एनसीईआरटी १९६१ ची, १९७६ ला घटनादुरुस्ती होऊन शिक्षण केंद्र आणि राज्य दोघांच्या यादीत आलं, मग १९८८, २०००, २००५, २०२३ असे अभ्यासक्रमाचे आराखडे येत राहिले आणि दर वेळी भांडण एकच, कोणाची पानं वाढली आणि कोणाची कापली. पट्टी घेऊन पानं मोजायची. सरकार कुठलंही असो, टीव्हीवरच्या चर्चा ऐकल्या की वाटतं या लोकांनी आठवीच्या वर्गात एक तास उभं राहून बघावं.

माझी पट्टी वेगळी आहे, आणि तेवढंच सांगायला आज आले आहे. जे घर शिकवतं, गल्ली शिकवते, उत्सव शिकवतो, पुतळा शिकवतो, त्यावर शाळेने आपले पन्नास पीरियड खर्च करू नयेत. ते घरच्यांपेक्षा चांगलं कोणी शिकवणारही नाही. शाळेने ते शिकवावं जे घरी कोणी सांगत नाही, सांगायला जड जातं किंवा घरच्यांनाच माहीत नसतं.

आग्र्याहून सुटकेची गोष्ट आपल्या मराठी घरातल्या पोराला पाच वर्षांचा असताना माहीत असते, पेटारे, मिठाई, सगळं. मी वर्गात ती सांगायची बंद केली. तो पीरियड मी महाराजांचे कारभारी अण्णाजी दत्तो यांच्या जमीन मोजणीला दिला, कारण महाराजांनी सारा कसा बसवला, मोजणी कशी केली, शेतकऱ्याकडून किती घ्यायचं हे कसं ठरवलं, हे कुठल्या आजीने सांगितलंय? एका पालकांना याचा फार राग आला होता. मी त्यांना म्हटलं, काका, आग्रा तुम्ही सांगा, तुम्ही माझ्यापेक्षा रंगवून सांगाल.

तेच अहिल्याबाईंचं. आपल्या शहरात विमानतळाला त्यांचं नाव, युनिव्हर्सिटीला त्यांचं नाव, राजवाड्यासमोर पुतळा, अहिल्योत्सवाची पालखी, आणि २०२५ ला तर त्रिशताब्दी झाली. काशी विश्वनाथ बांधलं, सोमनाथला मंदिर बांधलं, हे पोरांना पाठ असतं. पण मी विचारायचे, पैसा कुठून आला? वर्ग गप्प. मग फळ्यावर दोन शब्द लिहायचे, खासगी आणि दौलत. दौलत म्हणजे राज्याचा खजिना, आणि खासगी म्हणजे पेशव्यांनी १७३४ मध्ये अहिल्याबाईंचे सासरे मल्हारराव होळकर यांच्या पत्नी गौतमाबाईंच्या नावाने दिलेली वेगळी जहागीर, तिचा वसूल वेगळा, हिशोब वेगळा. देशभरातले घाट, विहिरी, धर्मशाळा या खासगीतून झाल्या. राज्याचा पैसा आणि आपला पैसा यांच्यामध्ये रेघ ओढून ती पाळणारी बाई, हे कळलं की पोरांच्या डोळ्यात काय येतं ते मी बघितलंय. एक मुलगा म्हणाला, मॅडम, मतलब दो बहीखाते थे! हो बाळा, दोन वह्या. मला वाटतं अहिल्याबाई समजायला या दोन वह्यांइतकी चांगली सुरुवात नाही.

आता जे घरी कोणीच सांगत नाही त्याकडे येते. रेसिडेन्सी एरियातून तुम्ही रोज जाता, त्याला रेसिडेन्सी का म्हणतात? मी दर वर्षी सहावीत विचारायचे आणि उत्तर यायचं, तिथे मोठे लोक रेसिडेंट आहेत म्हणून. मग मी महिदपूरची लढाई काढायचे. उज्जैनच्या पुढे, शिप्रेच्या काठी, २१ डिसेंबर १८१७. यशवंतराव होळकर १८११ ला वारलेले, गादीवर त्यांचा मुलगा, नाव पुन्हा मल्हारराव, वय अकरा, म्हणजे समोर बसलेल्या पोरांएवढाच. राज्यकारभार बघणाऱ्या तुळसाबाईंना लढाईच्या तोंडावर आपल्याच फौजेतल्या लोकांनी नदीकाठी मारून टाकलं. दुसऱ्या बाजूला इंग्रजांचे सेनानी हिस्लॉप आणि माल्कम. होळकरांचे गोलंदाज तोफा सोडून हलले नाहीत, इंग्रजांची सुमारे ८०० माणसं मेली आणि जखमी झाली, तरी आपण हरलो. आपल्याच बाजूच्या गफूरखानावर मैदान सोडल्याचा आरोप झाला, आणि नंतरच्या तहात त्याला जावऱ्याची जहागीर पक्की झाली, आता यातून काय समजायचं ते पोरांनी वाद घालून ठरवावं, मी सांगायचे नाही.

तो तह मंदसौरचा, ६ जानेवारी १८१८. आणि इथून बघा काय काय निघतं. सातपुड्याच्या दक्षिणेचा मुलूख गेला, राजपूत संस्थानांवरचे हक्क गेले, दरबारात इंग्रजांचा रेसिडेंट, म्हणजे त्यांचा प्रतिनिधी, आला म्हणून रेसिडेन्सी. राजधानी इंदूरला आली, तोपर्यंत हे काही राजधानीचं गाव नव्हतं, म्हणजे आपण आज ज्या शहरात बसलोय त्याच्या मोठेपणाच्या मुळाशी एक हार आहे. तहानंतर माल्कमने महूला छावणी वसवली. छावणी होती म्हणून तिथे पलटणीची शाळा, त्या शाळेत सुभेदार रामजी सकपाळ शिकवायचे, आणि म्हणून १४ एप्रिल १८९१ ला बाबासाहेबांचा जन्म महूला झाला. दापोलीकडचं कुटुंब माळव्यात कसं आलं हे मला कितीतरी पोरांनी विचारलंय, आणि उत्तर महिदपूरच्या वाटेने जातं. एक धागा ओढला की १८१७ पासून राज्यघटनेपर्यंत सगळी वीण हाताशी येते. गव्हर्नर जनरलांची सनावळी पाठ करून हे होत नाही, ती सनावळी मी पहिल्यांदा खोडली. इंग्रज-फ्रेंचांची कर्नाटकातली तीन युद्धंही एका वाक्यात आटपायची, हैदर, टिपू मात्र नाही.

कोणी म्हणेल, ताई, पोरांना आपली हार सांगून काय मिळणार, त्यांचं खच्चीकरण होईल. माझा अनुभव उलटा आहे. अकरा वर्षांच्या मल्हाररावाची गोष्ट ऐकून पोरं खचत नाहीत, ती प्रश्न विचारतात. तोफा होत्या तर हरलो का? घरातली माणसं एकमेकांना का मारत होती? शिंदे मदतीला का नाही आले? हे प्रश्न जिंकलेल्या लढाईत येत नाहीत, तिथे फक्त टाळ्या येतात.

आणि एक गोष्ट यापेक्षा जड आहे, ती सांगते. सातवीला मी मराठ्यांचा विस्तार शिकवत होते, नकाशा लावलेला, अटकेपासून कटकपर्यंत बोट फिरवत होते, आवाज चढलेला होता, मला आठवतंय. शेवटच्या बाकावर एक बंगाली मुलगी होती, वडील बँकेत बदलीवर आलेले. तिने हात वर केला. "मॅडम, बर्गी यही लोग थे क्या? मेरी ठाकुमा सुलाते समय डराती थी, सो जा, बर्गी आ जाएँगे." ठाकुमा म्हणजे आजी.

बर्गी म्हणजे आपला बारगीर. ज्याचा घोडा स्वतःचा तो शिलेदार, ज्याला घोडा सरकारातून मिळतो तो बारगीर. १७४२ पासून नागपूरकर भोसल्यांच्या फौजा बंगालवर जायला लागल्या, भास्करराम कोल्हटकर पुढे, गावं लुटली, जाळली, माणसं मारली, कलकत्त्याच्या लोकांनी भीतीने शहराभोवती खंदक खणायला घेतला, त्याला मराठा डिचच म्हणायचे. १७४४ ला बंगालचा नवाब अलीवर्दीखानाने भास्कररामांना भेटीला बोलावून मारलं. १७५१ ला ओडिशा आणि वर्षाला १२ लाख चौथ ठरली तेव्हा ते थांबलं. आपल्या घरात कटक हा अभिमानाचा शब्द, आणि तिकडे त्याच स्वारीची अंगाई झाली.

त्या दिवशी मी त्या मुलीला म्हटलं, ते आपल्या पोर्शनमध्ये नाहीये बेटा. खाली बसवलं तिला. मला ते अजून टोचतं. वर्ष संपायच्या आत त्यांची बदली झाली आणि मी तिला नीट उत्तर दिलंच नाही. पुढच्या वर्षीपासून दर सातवीला एक पूर्ण पीरियड बर्गींचा ठेवला, नकाशावर बोट फिरवायचे तशीच, पण कटकला थांबायचे आणि ठाकुमाची गोष्ट सांगायचे. देशाचा इतिहास शिकवायचा म्हणतो ना आपण, तर इंदूरच्या बाकावर बसलेलं बंगाली पोर पण त्यात मावलं पाहिजे, आणि मराठी पोराला त्याच्याकडे बघता आलं पाहिजे.

सिंधी कॉलनीतल्या पोरांचंही असंच. आजोबा फाळणीत आले एवढंच माहीत, पुढे घरात कोणी बोलत नाही, दुखतं म्हणून. आणि आमचं पुस्तक कितीतरी वर्षं १५ ऑगस्ट १९४७ ला येऊन थांबायचं. होळकर संस्थान गेलं, १९४८ ला मध्यभारत झालं, १९५६ ला मध्यप्रदेश, १९८४ ला भोपाळची वायुदुर्घटना, याचं काहीच नाही. भोपाळ चार तासांवर आहे हो. त्या रात्रीनंतर तिथून निघून आलेली कुटुंबं आपल्या शहरात होती, त्यांची मुलं माझ्या वर्गात होती. यासाठी पीरियड नाहीत म्हणणाऱ्याला मी परत तो फळा आणि डस्टर दाखवेन.

बोलायला अजून पुष्कळ आहे पण हॉल साडेसातला रिकामा करायचाय. दोन कामं सांगते. तुमच्यापैकी बऱ्याच जणांच्या घरी ट्रंकेत मोडी कागद पडलेले असतील, वसुलीचे, देण्याघेण्याचे, लग्नाच्या खर्चाचे. ते रद्दीत देऊ नका, पुढच्या रविवारी इथे आणा, वाचणारे दोघं येणार आहेत, मुलांना सोबत आणा म्हणजे त्यांना आपल्या घरची वही उघडलेली बघता येईल. आणि २१ डिसेंबरला महिदपूरला बस काढतोय, सकाळी सहाला निघायचं, शिप्रेच्या काठी उतरायचं, डबा आपापला. सहावी ते दहावीच्या मुलांना आधी जागा, मोठ्यांची नावं नंतर, बाहेर टेबलवर रजिस्टर ठेवलंय.