आडनावातला बाप, आडनावातलं गाव

मंडळी, मी २६ वर्षं वसईत मराठी शिकवलं. सकाळी हजेरी घ्यायची म्हटली की लोपीस, फर्नांडिस, मच्याडो, परेरा, डिसोजा अशी नावं ओळीनं यायची आणि पाठोपाठ 'हजर'ही यायचं. एकदा आठवीच्या वर्गात आडनावांवर बोलत होतो. पाटील कुठून आलं, कुलकर्णी कुठून आलं, नागपूरकर म्हणजे कोण. तेवढ्यात परेरा आडनावाची एक मुलगी उठली आणि म्हणाली, "सर, माझ्या आडनावाचा अर्थ काय?" मला येत नव्हता. मागच्या बाकावरून कुणीतरी म्हणालं, "अगं, तुमची नावं फॉरेनची, त्यांना अर्थ कुठला!" वर्ग हसला, ती खाली बसली, आणि मी धडा पुढे नेला. तिथे मी बोलायला हवं होतं. आज जे सांगणार आहे ते त्या दिवशी द्यायचं राहिलेलं उत्तर आहे.

परेरा म्हणजे नासपतीचं झाड. पोर्तुगीजमध्ये 'पेरा' हे फळ आणि 'पेरेइरा' हे त्याचं झाड. झाडावरून जागेला नाव पडलं आणि जागेवरून माणसांना. आपल्याकडे पिंपळगाव आणि पिंपळगावकर होतात, तसंच.

या नावाचा एक मोठा माणूस पोर्तुगालच्या इतिहासात आहे. १३८५ साली आल्जुबारोताच्या लढाईत पोर्तुगालनं शेजारच्या कास्तिल राज्याच्या फौजेचा पराभव केला, तेव्हा पोर्तुगीज सैन्याचं नेतृत्व करणारा सेनापती होता नुनो आल्वारिश पेरेइरा. हे नाव जरा उलगडून बघा. नुनो हे त्याचं स्वतःचं. आल्वारिश म्हणजे आल्वारोचा मुलगा. पेरेइरा हे घराण्याचं नाव. त्याच्या वडिलांचं नाव होतं आल्वारो गोन्साल्विश पेरेइरा, कारण त्यांचे वडील गोन्सालो. गोन्सालोचा आल्वारो, आल्वारोचा नुनो. स्वतःचं नाव, मग बापाचं, मग घराण्याचं. आपल्या रेशनकार्डावर नाव जसं लिहितात तसंच ते आहे, फक्त आपण बापाचं नाव जसंच्या तसं ठेवतो आणि ते लोक त्याला शेवटी एक प्रत्यय लावत.

हा 'इश' प्रत्यय वसई-गोव्यातल्या निम्म्या आडनावांची किल्ली आहे. मराठीत आपण त्याचा 'इस' किंवा 'ईस' करतो. फर्नांडिस म्हणजे फर्नांदोचा, रॉड्रिग्ज म्हणजे रोद्रिगोचा, घोन्साल्विस म्हणजे गोन्सालोचा, आल्वारिस म्हणजे आल्वारोचा, लोपीस म्हणजे लोपोचा, नुनीस म्हणजे नुनोचा. डायस हा दिओगोचा आणि वाझ हा वास्कोचा. पोर्तुगालचा पहिला राजा अफोन्सो एन्रिकिश याचे वडील एन्रिक, म्हणून तो एन्रिकिश. म्हणजे ही मुळात आडनावंच नव्हती, दर पिढीला बदलणारी मधली नावं होती. आइसलँडमध्ये आजही ही रीत जिवंत आहे. तिथे योनचा मुलगा योनसन आणि मुलगी योन्सदोत्तिर, सख्ख्या भावाबहिणींची शेवटची नावं वेगळी असतात आणि टेलिफोनच्या यादीत माणसं पहिल्या नावावर लावलेली असतात.

पोर्तुगालमध्ये मात्र हे मधलं नाव हळूहळू गोठलं. आल्वारिस घराण्यात आल्वारो नावाचा बाप उरला नाही, तरी मुलं आल्वारिसच राहिली. वास्को द गामाच्या वडिलांचं नाव एस्तेव्हांव. जुन्या रीतीनं तो वास्को एस्तेव्हिश व्हायला हवा होता, पण तो १४९८ मध्ये कालिकतला पोचला तो द गामा म्हणून. पोर्तुगीज आपल्या किनाऱ्याला लागले ते नेमके या बदलाच्या काळात. काहींचं मधलं नाव गोठलेलं, काहींचं गावाचं नाव लागलेलं, आणि एकाच घरातल्या भावांची आडनावं वेगवेगळी असणं तेव्हा त्यांच्याकडेही नवलाचं नव्हतं.

आता हा फर्नांदो, रोद्रिगो, गोन्सालो कोण? आपण ही 'ख्रिस्ती नावं' म्हणतो, पण ती बायबलमध्ये कुठेही सापडणार नाहीत. रोमन साम्राज्य ढासळताना स्वेव आणि गॉथ या जर्मानिक टोळ्या आयबेरियन द्वीपकल्पात, म्हणजे आजच्या स्पेन-पोर्तुगालात, उतरल्या. स्वेवांनी ब्रागाला राजधानी केली, गॉथांनी तोलेदोला. ही नावं त्यांच्या भाषेतली, आणि त्या भाषेत ती ख्रिस्ती होण्याच्या आधीपासून घडत होती. दोन शब्द जोडून एक नाव करायची त्यांची पद्धत, आपल्या सामासिक नावांसारखी. गोन्सालोतला 'गुंद' म्हणजे युद्ध. फर्नांदोच्या पहिल्या भागाचा अर्थ कुणी प्रवास लावतात, कुणी शांती, पण दुसरा भाग म्हणजे धाडस. रोद्रिगो म्हणजे 'ह्रोद' अधिक 'रिक्', कीर्ती आणि राजा. गॉथांचा जो शेवटचा राजा ७११ साली अरबांकडून हरला, त्याचं नाव हेच होतं.

यातल्या 'रिक्'पाशी मला जरा थांबू द्या. हा शब्द जर्मानिक भाषांनी केल्टिक भाषेतून उचलला. तो केल्टिक 'रीक्स', लॅटिन 'रेक्स' आणि आपला संस्कृत 'राजन्' ही एकाच मुळाची भावंडं आहेत. म्हणजे रॉड्रिग्ज आणि हेन्रीक्स या आडनावांत राजा बसलेला आहे, तोच राजा जो राजारामात आहे आणि राजाध्यक्षांत आहे. हे मला पहिल्यांदा कळलं तेव्हा त्या मागच्या बाकाची फार आठवण झाली.

काही नावं थेट वस्तूंची आणि प्राण्यांची आहेत. मच्याडो म्हणजे कुऱ्हाड, आपल्याकडे कुऱ्हाडे आहेतच. लोबो म्हणजे लांडगा, आपले लांडगे. लोपीसमधला लोपोसुद्धा लॅटिन 'लुपुस'वरून आलेला, तोही लांडगाच. कुएलो ससा, कार्व्हालो ओक. डिसिल्वामधली 'सिल्वा' म्हणजे रान. यातला 'डि' हा आपल्या 'कर'चं काम करतो, फक्त तो पुढे लागतो. डिसोजा म्हणजे सोझाकर, आणि सोझा ही उत्तर पोर्तुगालमधली छोटी नदी, दोरू नदीला मिळणारी. आपले आदरणीय फादर फ्रान्सिस दिब्रिटो २०२० मध्ये उस्मानाबादच्या साहित्य संमेलनाचे अध्यक्ष झाले. त्यांच्या आडनावातला 'दि' तोच, आणि ब्रितो नावाचं गाव आजही उत्तर पोर्तुगालात गिमारायशजवळ आहे. आल्मेडा हेही गावाचंच नाव, स्पेनच्या सीमेवरच्या किल्ल्याच्या गावाचं. पण त्यातला 'आल' अरबी आहे, कारण द्वीपकल्पाच्या मोठ्या भागावर काही शतकं अरबी बोलणाऱ्यांचं राज्य होतं. म्हणजे अरबी नाव पोर्तुगीज गावाला लागलं, त्या गावावरून घराण्याला, आणि तिथून ते मराठी बोलणाऱ्या आमच्या शेजाऱ्याच्या दारावरच्या पाटीवर आलं.

ते दारावर कसं आलं, हे आपल्याला ठाऊक आहे. १५१० मध्ये गोवा आणि १५३४ मध्ये वसई पोर्तुगीजांकडे गेली. बाप्तिस्मा होताना नव्या ख्रिस्ती माणसाला बहुधा धर्मपित्याचं किंवा धर्मगुरूचं आडनाव मिळे. कुठे एका भावकीला एक आडनाव मिळालं, कुठे दोन. म्हणून गोव्यातल्या एखाद्या आडनावावरून कुळ शोधू गेलात तर फसाल. ते कुळ पोर्तुगीज नाही, आणि एकाच आडनावाची दोन घरं एका रक्ताची असतीलच असंही नाही.

तिकडे पोर्तुगालमध्येही हेच घडलं आहे. १४९७ मध्ये राजा मानुएलनं तिथल्या ज्यूंना सक्तीनं ख्रिस्ती केलं आणि त्यांना ख्रिस्ती नावं घ्यावी लागली. त्यावरून एक समजूत पसरली आहे की परेरा, ऑलिव्हेरा, कार्व्हालो अशी झाडांची आडनावं म्हणजे धर्म बदललेल्या ज्यूंची खूण. अनेकजण मोठ्या विश्वासानं हे सांगतात, पण ते टिकत नाही. आल्जुबारोताचा परेरा त्या सक्तीच्या शंभर वर्षं आधीचा, जुन्या सरदार घराण्यातला. ज्यूंनी ही नावं घेतली ती आजूबाजूला आधीच सर्रास होती म्हणूनच. आडनाव बघून माणसाचं मूळ ठरवण्याची ही खोड मला सगळ्या देशांत सारखीच दिसते, आणि तिनं फार माणसं दुखावली आहेत. आडनाव शब्दाचा प्रवास सांगतं. ज्याच्या दारावर ते लागलं आहे त्याचं रक्त ते सांगत नाही.

पहिल्या नावांबद्दल थोडक्यात सांगतो, कारण ती बहुतेक बायबलमधली किंवा संतांची. हिब्रू योहानान, म्हणजे देवानं कृपा केली. त्याचे जॉन, जुआन, जुवांव, इव्हान आणि हान्स झाले. थॉमस म्हणजे अरामी भाषेत जुळा. कोकणीतला दुमिंग हा दोमिंगुश, म्हणजे रविवार.

पण एका नावाबद्दल नीट सांगतो, कारण त्याच्याशी आपलं जवळचं नातं निघतं. गोव्याच्या बॉम जेझू चर्चमध्ये ज्यांचं शव आहे ते संत फ्रान्सिस झेविअर. फ्रान्सिस म्हणजे 'फ्रेंच'. हे नाव ज्यांच्यामुळे पसरलं त्या इटलीतल्या असिसीच्या संत फ्रान्सिस यांचं बाप्तिस्म्याचं नाव जोव्हान्नी होतं. कापडाचे व्यापारी असलेले त्यांचे वडील त्यांना फ्रान्सिस्को म्हणू लागले आणि मग तेच नाव जगभर गेलं. आणि झेविअर? ते आडनाव नव्हे, वाड्याचं नाव. १५०६ साली आजच्या उत्तर स्पेनमधल्या नवार प्रांतातल्या शाव्हिएरच्या गढीत संत झेविअर यांचा जन्म झाला. त्यांचे वडील हासो घराण्याचे. तिथली भाषा बास्क, जी युरोपातल्या दुसऱ्या कुठल्याच भाषेशी जुळत नाही. बास्कमध्ये 'एचे' म्हणजे घर आणि 'बेरी' म्हणजे नवं. एचेबेरीचं झालं शाव्हिएर, त्याचं झेविअर. नवं घर. वसई रोड स्टेशनाजवळ आपण रोज ज्या नवघरचं नाव घेतो, तेच हे नाव. झेविअर नावाच्या प्रत्येक मुलाला मी आता मनातल्या मनात नवघरकर म्हणतो.

आणखी एक आडनाव आणि मग थांबतो. डिलिमा. लिमा ही उत्तर पोर्तुगालमधली नदी. तिच्या काठच्या पोंते द लिमा गावात एक जुनी कथा सांगतात. इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकात रोमन सेनापती देसिमुस युनिउस ब्रूतुस फौज घेऊन तिथे आला. सैनिकांना वाटलं की ही पाताळातली विस्मृतीची नदी, ओलांडली की घर, गाव, स्वतःचं नाव सगळं विसरणार. कुणी पाय टाकेना. मग सेनापतीनं निशाण हातात घेतलं आणि एकटाच पाण्यात उतरला. पलीकडच्या काठावर उभं राहून त्यानं एकेका सैनिकाला नावानं हाक मारायला सुरुवात केली. ज्याचं नाव ऐकू आलं, तो पाण्यात उतरला.