आठ किलोमीटर खोलीवरचा मासा

श्रोतेहो, नमस्कार. चोर्ल्याच्या घाटातून बर्फात आलेला बांगडा बेळगावच्या बाजारात पोचतो, तेव्हा त्याला वास असतोच. खानापूरला मलप्रभेत धरलेल्या माशाला तसा वास येत नाही. समुद्रातल्या माशांच्या अंगात ट्रायमिथाइलअमाइन ऑक्साइड नावाचं द्रव्य भरपूर असतं. नाव लांबलचक आहे, म्हणून आपण टीएमएओ म्हणू. मासा मेला की जिवाणू ते फोडतात आणि त्यातून तो ओळखीचा वास सुटतो. आमसूल, चिंच किंवा लिंबू लावलं की आंबटामुळे तो बांधला जातो. आपल्या आज्या हे रसायन न शिकताच वापरत आल्या.

पण मासा हे द्रव्य साठवतो ते जगण्यासाठी, आणि त्याची खरी कसोटी लागते प्रशांत महासागरातल्या मारियाना गर्तेत. तिथे सात-आठ हजार मीटरवर एक स्नेलफिश राहतो. २०१७ साली त्याला शास्त्रीय नाव मिळालं : स्यूडोलिपॅरिस स्वायरी. १८७५ मध्ये चॅलेंजर जहाजाने ही गर्ता शोधली, त्यावरच्या स्वायर नावाच्या अधिकाऱ्याची ही आठवण. मासा जेमतेम वीतभर, फिकट गुलाबी, अंगावर खवले नाहीत. कातडी इतकी पातळ की आतलं यकृत दिसतं. खोल समुद्रातला मासा म्हटलं की आपल्याला सुळेवाला राक्षस आठवतो. हा बापडा तर जिलेटिनच्या गोळ्यासारखा!

दर दहा मीटरला पाण्याचा दाब एका वातावरणाइतका वाढतो. म्हणजे आठ हजार मीटरवर नखाएवढ्या जागेवर जवळपास आठशे किलोंचा भार. याच्या अंगात हवेची पिशवी नाही, त्यामुळे चेपण्यासारखं काही नाही. कवटीही पूर्ण हाडाची होत नाही. खरा धोका असतो पेशींतल्या प्रथिनांना. दाबाने त्यांची घडी बिघडते. ती सावरून धरतं टीएमएओ. म्हणून मासा जितका खोल राहणारा, तितका त्याचा साठा मोठा.

हा साठा मात्र हवा तेवढा वाढवता येत नाही. एरवी समुद्री माशाचं रक्त समुद्राच्या पाण्यापेक्षा पातळ असतं. टीएमएओ वाढत गेलं की ते दाट होतं, आणि सुमारे ८,२०० मीटरच्या आसपास दोन्ही बरोबरीला येतात. त्याखाली गेलं तर बाहेरचं पाणी अंगात शिरू लागेल. हा हिशोब २०१४ साली मांडला गेला. पुढे २०२२ मध्ये जपानच्या दक्षिणेला, इझू-ओगासावारा गर्तेत, याच्याच कुळातलं एक पिल्लू ८,३३६ मीटरवर कॅमेऱ्यात सापडलं. तिथलं पाणी किंचित उबदार आहे, हे त्याचं कारण सांगतात.

हा स्नेलफिश ज्यांच्यावर जगतो ते अँफिपॉड, म्हणजे कोळंबीचे दूरचे चुलते, पार तळापर्यंत, जवळजवळ अकरा हजार मीटरपर्यंत सापडतात. खाली त्यांच्या मागे लागणारा मासा नाही. आजचा विक्रम थोडाफार मोडेलही, पण नऊ हजार मीटरवर मासा दिसला तर मला तरी नवल वाटेल.