कलमाची आठवण

आपल्या या कथालेखनाच्या वर्गात, आठवणी साठवणारी आणि एकमेकांना देणारी झाडं तुमच्यापैकी तिघांच्या कथांत आली. वाचताना आनंद झाला आणि थोडा अस्वस्थही झालो. तिन्ही झाडांनी माणसांचे चेहरे लक्षात ठेवले होते, त्यांची भांडणं, लग्नं, तारखासुद्धा. त्यांना डोळे कुठून आले? कल्पनेतलं झाड हवं तेवढं जाणतं असू दे, पण त्याने झाडासारखं आठवावं.

झाडं आठवतात का? 2014 साली मोनिका गाल्यानो आणि त्यांच्या सहकाऱ्यांचा लाजाळूवरचा प्रयोग प्रसिद्ध झाला. कुंडी थोड्या उंचीवरून पुन्हा पुन्हा खाली सोडली, तशी लाजाळूने पानं मिटणं थांबवलं, आणि महिनाभराने पाहिलं तरी ती मिटेना. याला स्मृती म्हणावं का यावर वाद आहे. मला जास्त मोलाचं वाटतं ते थंडीचं. मोहरीच्या कुळातलं अराबिडॉप्सिस नावाचं चिमुकलं रोप आहे. त्याच्या काही जाती थंडीचे आठवडे सोसल्यावरच वेळेवर फुलतात. थंडी सरते, नव्या पेशी येतात, तरी सोसल्याची खूण पेशींत राहते. बी धरताना मात्र ती पुसली जाते. पुढच्या रोपाला हिवाळा पुन्हा सोसावा लागतो.

म्हणजे बी विसरतं. मग झाडाच्या जगात न विसरता पुढे जाणारं काय?

आपण गोव्यात बसलो आहोत, उत्तर परसातच आहे. कलम! मानकुराद या इथल्या आंब्याचा बाठा पेरला तर मानकुरादच येईल याचा भरवसा नाही, म्हणून कलम बांधतात. माझे आजोबा सत्तरी तालुक्यातल्या कुळागरात, म्हणजे बागायतीत, बांधायचे. खुंटाला, म्हणजे खालच्या मुळं असलेल्या रोपाला, तिरका छेद, वर बांधायच्या काडीला तसाच छेद, साल सालीला लागली की केळीच्या सोपाने करकचून गुंडाळायचं. बाठ्यातून आलेलं झाड मोहरायला बरीच वर्षं घेतं, कलम तीन-चार वर्षांत मोहरतं. काडी प्रौढ झाडाची असते आणि ती आपलं वय विसरत नाही. एवढ्या एका गोष्टीवर मी अख्खी कादंबरी उभी करेन. आज गोवाभर उभी असलेली मानकुरादची कलमं एका अर्थी एकाच जुन्या झाडाचं लांबत गेलेलं शरीर आहेत. त्याला आठवण असती तर ती किती परसांत एकाच वेळी जागी असती!

शिवाय त्या सांध्याखाली परका खुंट असतो, स्वतःच्या बाठ्यातून आलेला. पेशींतले निरोप नेणारे आरएनएचे बारीक रेणू कलमाच्या सांध्यातून आरपार जातात, हे काही रोपांवरच्या प्रयोगांत दिसलं आहे. वाटून घेणं म्हणायचं तर ते इथे घडेल.

आता सांगे तालुक्यातलं कुर्डी घ्या, गायिका मोगूबाई कुर्डीकरांचं गाव. साळावली धरणात ते गेलं. माणसं वालकिणी आणि वाडे या गावांत वसवली. मे महिन्यात पाणी ओसरतं, तेव्हा घरांची जोती आणि झाडांचे वाळलेले बुंधे वर येतात. मी तिथे उभा राहिलो आहे. एका जोत्याच्या मागच्या अंगाला, चूल असावी तिथून चार पावलांवर, एक बुंधा होता. आंब्याचाच असेल असं मी म्हणत नाही, पण त्या दिवसापासून माझ्यासाठी तो आंबाच आहे.

समजा, पाणी चढण्याआधी कुणी त्याची काडी नेली. त्या काडीला काय आठवेल? बाईचा चेहरा नव्हे. रोज सकाळ-संध्याकाळ फांद्यांत शिरणारा धूर. फिलिपिन्समध्ये आंब्याला मोहर यावा म्हणून बागेत धूर करायची जुनी पद्धत आहे, म्हणजे आंब्याला धूर कळतो. वालकिणीच्या घरात गॅस येतो. पाच वर्षं झाली, कलम वाढतंय, मोहरत नाही. काडी नेणारी ती बाई आता म्हातारी झाली आहे, बोलत काहीच नाही. पौषातल्या एका सकाळी परसात तीन दगड मांडते आणि ओलसर पातेरा पेटवते.

माझी कथा मी इथून सुरू करेन. धूर वर चढतो, काडी तो ओळखते. खालच्या खुंटाला तो ठाऊक नाही, कुर्डीही ठाऊक नाही. आणि सांध्यातून पहिल्यांदाच वरून खाली काहीतरी उतरू लागतं.